प्रारूप प्रभाग रचना हाती आली, आता काय? नकाशा वाचण्यापासून सुनावणीपर्यंत

महापालिकेची प्रारूप प्रभाग रचना, म्हणजे प्रभागांच्या सीमांचा मसुदा, जाहीर होते त्या दिवशी शहरात चर्चा असते ती कुणाचा प्रभाग फुटला आणि कुणाला सोयीचा झाला याची. इच्छुक मंडळी मोबाइलवर नकाशा मोठा करून आपली हक्काची वस्ती शोधत बसतात. सामान्य मतदार या टप्प्यावर फारसा फिरकत नाही, आणि मतदानाच्या आठवड्यात त्याला कळतं की आपली सोसायटी ओढ्यापलीकडच्या प्रभागात गेली आहे. तोवर काही करता येत नाही. जे करायचं ते प्रारूप जाहीर झाल्यापासून हरकतींची मुदत संपेपर्यंतच.

ही मुदत फार थोडी असते. २०२५ मध्ये पुण्याची प्रारूप रचना २२ ऑगस्टला जाहीर झाली आणि हरकतींसाठी ४ सप्टेंबरपर्यंत वेळ मिळाला. त्यातले बहुतेक दिवस गणेशोत्सवाचे होते. तरीही हजारोंच्या संख्येने हरकती आल्या. अशा हरकतींतल्या पुष्कळ अमान्य होतात, आणि त्यामागे नेहमी राजकारणच असतं असं नाही. ‘आमची गल्ली या प्रभागातून काढा’ एवढंच लिहिलेलं असतं. गल्ली काढल्यावर दोन्ही प्रभागांची लोकसंख्या किती होईल, ती मर्यादेत बसेल का, हे कुणी मांडलेलं नसतं. अधिकाऱ्याला तो हिशेब तुमच्यासाठी करून देण्याचं कारण नाही. म्हणून हा लेख मुख्यतः हिशेबाबद्दल आहे.

रचना करतं कोण?

महापालिकेत प्रारूप तयार करतात आयुक्त, राज्य शासनाच्या आदेशाप्रमाणे. ते नगरविकास विभागामार्फत राज्य निवडणूक आयोगाकडे जातं. हरकती आणि सुनावणी झाल्यावर अंतिम रचनेलाही आयोगाची मान्यता लागते. नगरपरिषदेत हे काम मुख्याधिकाऱ्यांकडे असतं आणि जिल्हाधिकाऱ्यांच्या हातून पुढे सरकतं.

एका प्रभागातून किती नगरसेवक, हे कायदा ठरवतो. मुंबईत एका प्रभागाला एकच नगरसेवक, असे २२७ प्रभाग. इतर महापालिकांत सध्या शक्यतो चार, कमीत कमी तीन आणि जास्तीत जास्त पाच. नगरपरिषदांत साधारणपणे दोन, नगरपंचायतीत एक. ही संख्या सरकार बदललं की बदलत आली आहे. पुण्याने २००२ मध्ये तीन सदस्यांचा प्रभाग पाहिला, २००७ मध्ये एकाचा, २०१२ मध्ये दोघांचा, २०१७ मध्ये चौघांचा. २०२२ मध्ये तीन सदस्यांची रचना करून झाली, हरकतीही झाल्या, आणि मग ती सगळी रद्द होऊन पुन्हा चारवर गाडी आली. लोकांनी आपल्या नगरसेवकाला ओळखावं अशी अपेक्षा असेल तर हा खेळ थांबायला हवा, असं माझं स्पष्ट मत आहे. पण हे मत हरकतीच्या अर्जात लिहू नका. चारचा प्रभाग नको, एकचा हवा, ही मागणी सुनावणीच्या अधिकाऱ्याच्या हातातली नाही. ती अमान्य होते, आणि त्याच अर्जातल्या तुमच्या योग्य मुद्द्याकडेही मग दुर्लक्ष होतं. ती मागणी आमदारांकडे किंवा नगरविकास विभागाकडे वेगळी पाठवा.

आरक्षणाचंही तसंच. कुठली जागा अनुसूचित जातीसाठी, कुठली महिलेसाठी, हे रचना अंतिम झाल्यावर ठरतं, सोडतीचाही टप्पा तेव्हाच येतो, आणि त्यावरच्या हरकतींची मुदत स्वतंत्र असते.

आकडा समजून घ्या

एकूण नगरसेवक किती, हे लोकसंख्येवरून निघतं. पुण्यासारख्या तीस लाखांवरच्या महापालिकेत पहिल्या तीस लाखांना १६१, आणि त्यावरच्या प्रत्येक पूर्ण लाखामागे एक. २०२५ च्या रचनेत पुण्याची लोकसंख्या २०११ च्या जनगणनेप्रमाणे ३४,८१,३५९ धरली होती. म्हणजे वरचे चार पूर्ण लाख, आणि एकूण १६५. चारचे चाळीस प्रभाग केले की १६० होतात, पाच उरतात, म्हणून एक प्रभाग पाच सदस्यांचा. असे ४१ प्रभाग झाले.

आता सरासरी. एकूण लोकसंख्येला एकूण सदस्यांनी भागायचं आणि प्रभागातल्या सदस्यसंख्येने गुणायचं. ३४,८१,३५९ भागिले १६५ म्हणजे साधारण २१,१००. चारच्या प्रभागाची सरासरी सुमारे ८४,४००. यात दहा टक्के कमी-जास्त चालतं, म्हणजे खाली ७६ हजारांच्या आसपास आणि वर ९२ हजार ८०० पर्यंत. मुंबईत १,२४,४२,३७३ भागिले २२७ केलं की ५४,८०० च्या आसपास येतात, आणि मर्यादा ४९ हजार ३०० ते ६० हजार ३०० अशी पडते.

तुमच्या शहराचे हे तीन आकडे (सरासरी, खालची मर्यादा, वरची मर्यादा) एका कागदावर लिहून ठेवा. पुढचं सगळं त्यावर चालणार आहे. एक गोष्ट मात्र मनाशी पक्की करा: हा आकडा २०११ चा आहे. तुमच्या भागात त्यानंतर वीस टॉवर उभे राहिले असतील, पण हिशेबात ते नाहीत. ‘प्रत्यक्षात इथे दीड लाख लोक राहतात’ हा मुद्दा कितीही खरा असला तरी या टप्प्यावर टिकत नाही. मतदारसंख्येचंही तेच. रचना लोकसंख्येवर होते, मतदार यादीवर नाही.

नकाशा आणि चतुःसीमा

प्रारूपात प्रत्येक प्रभागाचा नकाशा असतो, लोकसंख्या असते (एकूण, अनुसूचित जाती, अनुसूचित जमाती), व्याप्ती म्हणजे आतल्या वस्त्यांची यादी असते आणि उत्तर, पूर्व, दक्षिण, पश्चिम अशी शब्दांत लिहिलेली चतुःसीमा असते. बहुतेक जण नकाशा बघून थांबतात. चतुःसीमा वाचा, कारण वाद झाला की तिच्यातल्या शब्दांवर येऊन थांबतो.

वाचण्याची पद्धत अशी. छापील प्रत घ्या आणि ती हातात धरून सीमा चालत फिरा. सगळी नाही, आपल्या बाजूची. मजकूर साधारण असा असतो: अमुक चौकापासून रस्त्याने पूर्वेस नाल्यापर्यंत, तिथून नाल्याने दक्षिणेस अमुक सोसायटीच्या उत्तर हद्दीपर्यंत, तिथून सर्व्हे नंबर अमुकच्या हद्दीने पश्चिमेस. चालताना कळतं की नाला तिथे बंदिस्त केलेला आहे आणि वर पार्किंग आहे. सोसायटी पुनर्विकासात पाडली गेली आणि आता वेगळ्या नावाने उभी आहे. ‘रस्ता’ म्हटलाय तो विकास आराखड्यात आहे, जमिनीवर अजून झालेला नाही. चौक एकाच नावाचे दोन आहेत. अशा प्रत्येक ठिकाणी फोटो काढा, वेळ आणि जागा टिपून ठेवा. शब्द आणि नकाशा जुळत नसतील तर ती दुरुस्ती सहसा मान्य होते, कारण तिच्याने कुणाचंच गणित बिघडत नाही.

रस्ता ही सीमा असेल तर ती बहुधा त्याच्या मध्यातून जाते. मग समोरासमोरची घरं दोन प्रभागांत. मोठ्या रस्त्याला हे ठीक आहे. पण चार मीटरच्या गल्लीत, जिथे दोन्ही बाजूंची माणसं एकाच नळावर पाणी भरतात आणि एकाच मंडळाची वर्गणी देतात, तिथे सीमा टाकली असेल तर ती हरकतीची जागा आहे.

बोट कुठे ठेवायचं

आयोगाच्या सूचनांत रचनेचे नियम दिलेले असतात. दर वेळी शब्द थोडे बदलतात, म्हणून चालू फेरीचा आदेश डाउनलोड करून त्यातला परिच्छेद क्रमांकच अर्जात द्या. गाभा तोच राहतो. रचना उत्तरेकडून सुरू करायची, ईशान्येकडे, मग पूर्वेला जायचं, पूर्वेकडून पश्चिमेकडे येत खाली सरकायचं आणि शेवट दक्षिणेला करायचा. प्रभागांचे क्रमांकही याच क्रमाने. भौगोलिक सलगता हवी. मोठे रस्ते, नद्या, नाले, डोंगर, रेल्वेमार्ग, उड्डाणपूल लक्षात घेऊन सीमा ठरवायच्या. इमारत किंवा चाळ दोन प्रभागांत फोडायची नाही. अनुसूचित जाती-जमातींच्या वस्त्या शक्यतो एकत्र ठेवायच्या. त्या भागातले लोक ज्या शाळा, दवाखाना, बाजार वापरतात ते शक्यतो त्यांच्याच प्रभागात असावेत.

यातला सगळ्यात दुर्लक्षित आणि सगळ्यात उपयोगी नियम सलगतेचा आहे. नकाशावर एकसंध दिसणारा प्रभाग जमिनीवर तुटलेला असू शकतो. मधून रेल्वे जाते आणि ओलांडायला एकच भुयारी मार्ग आहे, तोही पावसाळ्यात पाण्याखाली. किंवा मधून महामार्ग गेला आहे आणि पलीकडे जायला दोन किलोमीटरचा वळसा. हे कागदावर दिसत नाही, ते तुम्हीच सांगायचं असतं, अंतर आणि फोटोसह.

अनुसूचित जातींच्या वस्तीचा मुद्दा आणखी गंभीर आहे. अनुसूचित जातीच्या जागा ज्या प्रभागांत त्या लोकसंख्येचं प्रमाण जास्त, तिथे उतरत्या क्रमाने जातात. मोठी वस्ती मधून चिरली की दोन्ही प्रभागांत प्रमाण घटतं आणि आरक्षित जागा तिसरीकडेच जाऊ शकते. वस्ती विभागली असेल तर जुन्या प्रभागातला आणि नव्या प्रभागातला टक्का शेजारी शेजारी मांडा. त्याहून बोलका पुरावा दुसरा नाही.

उत्तर-दक्षिण क्रमाचा एक परिणाम लक्षात ठेवा. वरून भरत आणलेल्या आकड्यांची शिल्लक खालच्या प्रभागांत साचू शकते. पुण्याचा पाच सदस्यांचा आंबेगाव-कात्रजचा प्रभाग ३८ दक्षिण टोकाला होता. तुम्ही शहराच्या उत्तर भागात मोठा बदल सुचवला तर त्याचा धक्का खाली साखळीसारखा जातो, आणि अधिकारी तो घ्यायला तयार नसतात. दोनच शेजारी प्रभागांत मिटणारा बदल सुचवणं म्हणूनच शहाणपणाचं.

प्रगणक गट: खरी वीट

प्रभाग गल्ल्यांचा नाही, प्रगणक गटांचा बनतो. जनगणनेत एका प्रगणकाला जेवढी घरं वाटून दिली जातात तो एक गट, साधारण सहाशे ते आठशे माणसांचा. रचना करणारे हे गट उचलून इकडून तिकडे ठेवतात, आणि गट शक्यतो फोडायचा नाही असा दंडक आहे. त्यामुळे ‘अमुक सोसायटी हलवा’ म्हणण्याऐवजी ‘अमुक क्रमांकाचे गट हलवा’ म्हणता आलं पाहिजे.

गटांची यादी प्रारूपासोबत नसेल तर महापालिकेच्या निवडणूक शाखेत किंवा क्षेत्रीय कार्यालयात जाऊन पाहायला मागा. माहितीच्या अधिकारात अर्ज करून ती मिळवायची असेल तर उत्तराला तीस दिवस लागू शकतात, म्हणजे मुदत उलटून जाणार. तो अर्ज निवडणुकीची चाहूल लागताच करून ठेवायचा.

आता उदाहरण. आकडे समजण्यासाठी घेतलेले आहेत. समजा चार सदस्यांचे दोन शेजारी प्रभाग आहेत, ‘क्ष’ची लोकसंख्या ९०,१००, ‘य’ची ७८,२००. ओढ्यालगतची तुमची वस्ती ‘क्ष’मध्ये टाकली आहे, पण शाळा, दवाखाना, भाजी मंडई सगळं ‘य’मध्ये. वस्तीत सहा प्रगणक गट, लोकसंख्या ४,३००. ते ‘य’मध्ये दिले तर ‘क्ष’ होतो ८५,८०० आणि ‘य’ ८२,५००. दोन्ही ७६ हजार ते ९२ हजार ८०० च्या आत, आणि दोन्ही सरासरीच्या आधीपेक्षा जवळ. ही हरकत फेटाळायला कारण शोधावं लागेल.

आता समजा ‘य’ची लोकसंख्या ९१,००० आहे. तुमचे ४,३०० गेले की ९५,३००, मर्यादेबाहेर. इथे नुसती मागणी केलीत तर ती पहिल्याच वाचनात बाद. मग ‘य’मधून काय बाहेर काढायचं तेही तुम्हीच सांगा: ‘य’च्या दुसऱ्या टोकाचे चार गट, लोकसंख्या २,९००, जे महामार्गाच्या अलीकडे ‘क्ष’ला चिकटून आहेत. अदलाबदलीनंतर ‘य’ ९२,४००, आणि ‘क्ष’ ८८,७००. दोन्ही बसले. पण ज्यांना हलवताय त्या चार गटांतल्या माणसांशी आधी बोला. त्यांची संमतीची सही जोडलीत तर अर्जाचं वजन वाढतं. न बोलता केलंत तर सुनावणीत तीच मंडळी तुमच्याविरुद्ध उभी राहतील, आणि त्यांचं चुकत नसेल.

अर्ज कसा लिहावा

दोन पानांच्या वर जाऊ नका. वर आयुक्तांचं नाव-पद, विषयात प्रभाग क्रमांक, मग थेट मुद्दा. नमुन्यादाखल मुख्य परिच्छेद असा:

‘प्रारूप प्रभाग क्र. ___ च्या दक्षिण सीमेतील प्रगणक गट क्र. ___ ते ___ (लोकसंख्या ____) हे ओढ्याच्या दक्षिणेस असून प्रभागाच्या उर्वरित भागाशी जोडणारा एकच पादचारी पूल आहे. आदेशातील परिच्छेद ___ नुसार नैसर्गिक मर्यादा विचारात घेणे आवश्यक आहे. सदर गट प्रभाग क्र. ___ मध्ये समाविष्ट करावेत. बदलानंतर दोन्ही प्रभागांची लोकसंख्या अनुक्रमे ____ व ____ होते व ती विहित मर्यादेत राहते. सुधारित चतुःसीमा व नकाशा सोबत जोडला आहे.’

‘सुधारित चतुःसीमा’ म्हणजे ज्या बाजूची रेषा बदलायची त्या बाजूचं वर्णन तुमच्या शब्दांत नव्याने लिहून द्यायचं. हे कुणी सहसा करत नाही. केलंत तर अधिकाऱ्याला तेच उचलून अंतिम मसुद्यात टाकता येतं. नकाशा सुंदर नसला तरी चालेल. प्रारूपाच्या नकाशाच्या प्रतीवर जुनी रेषा निळ्या आणि नवी लाल पेनाने काढली तरी पुरे.

एका अर्जात एकच मागणी ठेवा. राजकीय आरोप, कुणा माजी नगरसेवकाचं नाव, ‘जाणूनबुजून’ हा शब्द, हे सगळं बाहेर ठेवा. तुमचा संशय खरा असला तरी सुनावणीचा अधिकारी हेतू तपासायला बसलेला नसतो, तो नियम आणि आकडे तपासतो. प्रभागाच्या नावाबद्दल सूचना असेल तर वेगळा साधा अर्ज द्या. नावं बदलून मिळतात. २०२५ मध्ये पुण्यातल्या काही प्रभागांची नावं अंतिम रचनेत बदलली गेली.

एकाच मजकुराच्या शेकडो प्रती देण्याची पद्धत आहे. त्याने लोकांचा रोष नोंदवला जातो, एवढंच. एकसारख्या हरकतींची सुनावणी एकत्रच उरकतात. त्यापेक्षा एक नीट तयार केलेला अर्ज, खाली सोसायट्यांच्या अध्यक्षांच्या सह्या, आणि प्रत्येक सोसायटीने आपली वेगळी अडचण सांगणारं एक पान जोडलेलं बरं.

अर्ज हातोहात द्या आणि दुसऱ्या प्रतीवर तारीख, शिक्का आणि आवक क्रमांक घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका. शेवटच्या दिवशी वेळेची मर्यादा असते. दुपारीच मुदत संपू शकते. आदल्या दिवशीच काम संपवा.

सुनावणीच्या दिवशी

ज्यांनी मुदतीत लेखी हरकत दिली त्यांनाच बोलावतात. पत्र उशिरा येतं, म्हणून महापालिकेच्या संकेतस्थळावर वेळापत्रक रोज पाहा. तुमच्या वाट्याला दोन-तीन मिनिटं येतील, गर्दी असेल तर त्याहून कमी. एकानेच बोलावं. पहिल्या वाक्यात मागणी, दुसऱ्यात नियम, तिसऱ्यात बदलानंतरचे दोन आकडे, आणि मोठा छापलेला नकाशा समोर ठेवावा. महापालिकेचे अधिकारी तिथेच असतात, ते ‘हे गट सलग नाहीत’ किंवा ‘लोकसंख्या जास्त होते’ असं म्हणू शकतात. त्यासाठी गटांची यादी हाताशी असू द्या. आवाज चढवून काही मिळत नाही. वेळ मात्र संपते.

अंतिम रचना आली आणि मागणी मान्य झाली नाही, तर न्यायालयाचा दरवाजा फारसा उघडा नसतो. राज्यघटनेच्या अनुच्छेद २४३ झेडजीने मतदारसंघांच्या सीमांकनाबाबतचे वाद न्यायालयांच्या कक्षेबाहेर बऱ्याच अंशी ठेवले आहेत. वकिलाचा सल्ला जरूर घ्या, पण त्या भरवशावर हरकतीचा टप्पा हलक्यात घेऊ नका.

सीमा बरोबर, नाव भलतीकडे

रचना मनासारखी झाली तरी काम संपत नाही. पालिका निवडणुकीची मतदार यादी वेगळी बनत नाही. विधानसभेची यादी प्रभागांप्रमाणे फोडली जाते, आणि फोडताना चुका होतात. सीमेलगतच्या इमारतीतले अर्धे मतदार शेजारच्या प्रभागात जातात. २०२५ मध्ये १ जुलैची विधानसभा यादी आधार धरली होती, आणि प्रभागनिहाय प्रारूप यादी नोव्हेंबरमध्ये आली. तिच्यावरही हरकतीची मुदत मिळते, तीही थोड्या दिवसांची. या टप्प्यावर नवीन नाव घालता येत नाही, पण चुकीच्या प्रभागात गेलेलं नाव हलवून घेता येतं आणि विधानसभेच्या यादीत असूनही सुटलेलं नाव परत आणता येतं. सोसायटीने एक जण नेमून सगळ्या सदनिकांची नावं एकदमच तपासावी. अर्जाला अंतिम चतुःसीमेची प्रत जोडली की वाद उरत नाही.

जिल्हा परिषदेसाठी

गावाकडे प्रभागाऐवजी जिल्हा परिषदेचा गट आणि पंचायत समितीचा गण. एका गटात दोन गण. प्रारूप जिल्हाधिकारी काढतात, हरकती त्यांच्याकडेच द्यायच्या, निर्णय विभागीय आयुक्तांचा. २०२५ च्या फेरीत यासाठी जेमतेम आठवडा मिळाला होता, म्हणून तालुक्याच्या ठिकाणी कुणी तरी रोज फलक पाहणारा हवा. मुद्दे तेच, फक्त ओढ्याच्या जागी घाट आणि एसटीचा मार्ग येतो. नकाशावर चिकटून असलेल्या दोन गावांमध्ये डोंगर असेल आणि बाजाराचं गाव भलतीकडे असेल, तर एसटीच्या वेळापत्रकाची प्रत जोडा.

आत्ताच करून ठेवायची तयारी

देशाची पुढची जनगणना २०२७ मध्ये आहे, संदर्भ दिनांक १ मार्च २०२७. तिचे आकडे आले की त्यापुढच्या रचनेला जुनी लोकसंख्या धरता येणार नाही. २०११ नंतर वाढलेली उपनगरं, पुण्यात २०१७ आणि २०२१ मध्ये हद्दीत आलेली गावं, यांचं पारडं जड होईल, आणि मध्यवर्ती पेठांचे प्रभाग पसरतील. प्रगणक गटही नव्याने पाडले जात आहेत. प्रगणक दारात येईल तेव्हा पूर्ण माहिती द्या, बंद सदनिकेत भाडेकरू असतील तर त्यांचीही नोंद होते आहे ना ते पाहा. मोजणीत सुटलेलं माणूस पुढची कित्येक वर्षं कुठल्याच प्रभागाच्या हिशेबात येत नाही. आणि आताच्या अंतिम रचनेचा नकाशा, चतुःसीमा आणि गटांची यादी उतरवून घेऊन सोसायटीच्या दप्तरात ठेवा. निवडणूक झाली की संकेतस्थळावरची ही पानं शोधूनही सापडेनाशी होतात, आणि पुढच्या वेळी तुलना करायला तीच लागतात.